एका गणिताची घरात तीन उत्तरं: अपूर्णांकांच्या असमानतेत आमचं चुकतंय कुठं?

गिरणीवाली, खानापूर तालुका

नमस्कार सगळ्यांना. प्रश्न माझ्या थोरल्या मुलीचा आहे, खरं विचारतेय मी, कारण दोन दिवस झाले तो माझ्याही डोक्यातून जात नाही.

मुलगी फर्स्ट पीयूसी सायन्सला, म्हणजे अकरावीला आहे. एसएसएलसीपर्यंत, म्हणजे दहावीपर्यंत, गावातल्या मराठी शाळेत शिकली, गणितात तिचा हात चांगला. आता कॉलेजात सगळं इंग्रजीत. लसावि, छेद, सहगुणक हे शब्द तिच्या तोंडात बसलेले, ते सगळे एकदम बदलले. वर्ग मोठा, फळ्यावरचं उतरवून घेईपर्यंत पुढचं गणित सुरू होतं. घरी येऊन वही उघडते आणि गप्प बसते. ते गप्प बसणं मला बघवत नाही.

मीही मराठीतूनच एसएसएलसी केलंय. पुढं शिकायचं राहिलं. घरची पिठाची गिरण मी चालवते. दुपारी दळप कमी असतं, तेव्हा ती वही घेऊन गिरणीतच येऊन बसते आणि आम्ही दोघी मिळून सोडवतो. समीकरणं मला अजून येतात बगा. असमानता मात्र आम्हाला शाळेत अशा नव्हत्या, म्हणून तिच्याबरोबर मीही शिकतेय.

गणित असं आहे:

(क्ष + १)/४ − (२क्ष − १)/३ < २

मुलीनं असं सोडवलं. ४ आणि ३ चा लसावि १२. म्हणून
३(क्ष + १) − ४(२क्ष − १) < २
३क्ष + ३ − ८क्ष + ४ < २
−५क्ष < −५
क्ष < १

मी असं सोडवलं:
३क्ष + ३ − ८क्ष − ४ < २४
−५क्ष − १ < २४
−५क्ष < २५
क्ष > −५

पुस्तकाच्या मागं उत्तर आहे क्ष > −१७/५. म्हणजे एका गणिताची घरात तीन उत्तरं झाली. आमची दोन्ही उत्तरं अशी सरळ पूर्णांकात आली की चुकली असतील असं वाटेना. उलट पुस्तकातलंच छापताना चुकलं असेल असं मला वाटत होतं.

मी चिन्ह फिरवलं ते तिच्या वहीत एका ठिकाणी लिहिलेलं होतं म्हणून. ती स्वतः ऐन वेळी विसरली. खरं ते का फिरतं, हे ना तिला सांगता येतंय ना मला. समीकरणात आपण उणे पाचनं भागतो तेव्हा काही फिरत नाही, मग इथंच का?

आणि तिसरं, संख्यारेषेवर दाखवायचं असतं तिथं कधी पोकळ वर्तुळ, कधी भरलेलं. आणि हे −१७/५ रेषेवर नेमकं कुठं ठेवायचं? तिनं ते −३ आणि −२ च्या मधे ठेवलंय.

मराठीतून सांगा. घाई नाही, खरं नीट सांगा.

इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, येळ्ळूर

काकू, पुस्तकातलं उत्तर बरोबर आहे.

तिची चूक: उजवीकडच्या २ ला १२ नं गुणलं नाही. तिथं २४ पाहिजे. शिवाय शेवटी −५ नं भागताना चिन्ह फिरवलं नाही.
तुमची चूक: −४ गुणिले −१ म्हणजे +४. तुम्ही −४ लिहिलंय.

बरोबर असं:
३क्ष + ३ − ८क्ष + ४ < २४
−५क्ष + ७ < २४
−५क्ष < १७
क्ष > −१७/५

< किंवा > असेल तर वर्तुळ पोकळ, ≤ किंवा ≥ असेल तर भरीव. मी पण मराठी शाळेतूनच गेलोय. पहिले तीन महिने तुमच्या मुलीसारखंच झालं होतं, नंतर जमलं. तिला सांगा.

निवृत्त गणित शिक्षक, निपाणी भाग

ताई, वरच्या मुलानं चुका नेमक्या दाखवल्यात. तुम्ही तुमचं चुकलेलंही न खोडता जसंच्या तसं इथं उतरवलंत, त्यामुळं चूक कुठं शिरते ते बघता आलं. आता ‘का’ ते सांगतो. थोडं लांबेल.

आधी छेदाचं. तुम्ही गिरणीवाल्या, मापं तुम्हाला मी काय सांगावीत. पायलीचे चार शेर, शेराची दोन मापटी, मापट्याची दोन चिपटी. म्हणजे एका शेराची चार चिपटी. आता कुणी म्हणालं, अर्धा शेर नाचणा आणि पाऊण शेर तांदूळ मिळून दोन शेरांपेक्षा कमी भरतात. हेच अपूर्णांकाशिवाय म्हणायचं तर चिपट्यांत म्हणायचं: दोन चिपटी आणि तीन चिपटी मिळून आठ चिपट्यांपेक्षा कमी. धान्य तेवढंच आहे, फक्त मोजायला लहान माप घेतलं. लसाविनं गुणणं म्हणजे एवढंच. सगळ्यांना पुरेल असं एक लहान माप शोधायचं आणि सगळं त्याच मापानं मोजायचं.

मुलीनं काय केलं? अर्ध्याची आणि पाऊणची चिपटी केली, आणि दोन शेर होते ते मात्र दोनच ठेवले. म्हणजे ‘पाच चिपटी दोन चिपट्यांपेक्षा कमी’ असं झालं. तुमच्या गिरणीत कुणी असं मोजलं तर तुम्ही लगेच हात धराल. कागदावर तसं होत नाही, कारण २ हा आकडा अपूर्णांकासारखा दिसत नाही, म्हणून तो हातातून सुटतो. तिला पहिले काही दिवस २ च्या खाली १ लिहायला लावा, २/१ असं. छेद दिसला की हात आपोआप गुणायला जातो. माझ्या वर्गात दरवर्षी निम्मी मुलं इथंच चुकायची. हुशार मुलंही चुकायची.

आता तुमची चूक. अपूर्णांकाची आडवी रेघ म्हणजे एक कंसच असतो. (२क्ष − १)/३ मधे वर २क्ष − १ दिसतं, त्याला कंस छापलेला नसला तरी रेघ त्याला बांधून ठेवते. त्याच्याआधी उणे चिन्ह असेल तर ते उणे आतल्या दोघांनाही लागतं. छेद काढायच्या आधी प्रत्येक अंशाला कंस घालायचा, तो सोडवायचा पुढच्या ओळीत. एकाच ओळीत छेदही काढायचा आणि कंसही सोडवायचा, ही घाई करू नये. तुम्ही ती केलीत. मुलीनं कंसाची ओळ वेगळी लिहिली होती, म्हणून तिचं +४ बरोबर आलं. तिची पद्धत चांगली आहे, हे तिला सांगा.

आता चिन्ह का फिरतं.

बेळगावात किल्ल्याजवळचं तळं तुम्ही पाहिलं असेल. तळ्याच्या काठावर झाड आहे असं समजा. एक फांदी पाण्यापासून दोन हात उंच, दुसरी पाच हात उंच. पाण्यात त्यांचं प्रतिबिंब बघा. जी फांदी जास्त उंच, तिचं प्रतिबिंब जास्त खोल. पाण्याचा पृष्ठभाग म्हणजे शून्य. वर २ आणि ५, खाली −२ आणि −५. वर २ < ५ होतं, खाली −२ > −५ झालं. उणे एकनं गुणणं म्हणजे सगळ्या संख्यांची शून्याभोवती प्रतिबिंबं घेणं. प्रतिबिंबात वरचं खाली जातं, म्हणून लहान-मोठेपणा उलटतो. उणे पाचनं भागणं म्हणजे प्रतिबिंब घ्यायचं आणि ते पाचपट आखूड करायचं. आखूड केल्यानं क्रम बदलत नाही, प्रतिबिंबानं बदलतो.

दोन्ही बाजूंत ७ मिळवले किंवा वजा केले तर चिन्ह का फिरत नाही, तेही इथंच कळतं. तेव्हा दोन्ही फांद्या तेवढ्याच वर किंवा खाली सरकतात. जी वर होती ती वरच राहते, मग ती पाण्याखाली गेली तरी.

समीकरणाबद्दल तुम्ही विचारलंत. समीकरणात दोन्ही बाजू एकाच उंचीवर असतात, त्यांची प्रतिबिंबंही एकाच खोलीवर पडतात. तिथं उलटायला काही नसतंच.

आपल्याकडं ६२८ साली ब्रह्मगुप्तानं धन आणि ऋण संख्यांचे नियम लिहिले, तेव्हा धन म्हणजे जवळची पुंजी आणि ऋण म्हणजे कर्ज असाच अर्थ धरला होता. शब्द आपण अजून तेच वापरतो. पाच हजारांचं कर्ज असलेला माणूस दोन हजारांचं कर्ज असलेल्यापेक्षा जास्त अडचणीत असतो, हे कुणाला शिकवावं लागत नाही. −५ हे −२ पेक्षा लहान, ते याच अर्थानं. आणि संख्या रेषेवर मांडून दाखवणं त्यानंतर हजार वर्षांनी आलं. १६८५ साली जॉन वॉलिस या इंग्रज गणितज्ञानं पुढं-मागं चालणाऱ्या माणसाचं उदाहरण घेऊन ते दाखवलं. म्हणजे तुमच्या मुलीला ही गोष्ट चार दिवसांत कळली नाही तर त्यात तिचं काही उणं नाही.

चिन्ह फिरवायचं लक्षात राहत नसेल तर एक वाट आहे. क्षला उणे राहूच द्यायचं नाही. −५क्ष + ७ < २४ या ओळीवर −५क्षला उजवीकडं न्या आणि २४ ला डावीकडं आणा:

७ − २४ < ५क्ष
−१७ < ५क्ष
−१७/५ < क्ष

आता उजवीकडून वाचा: क्ष हा −१७/५ पेक्षा मोठा. चिन्ह कुठं फिरवावं लागलं नाही, तरी उत्तर तेच. पण हे वाचताना मुलं गडबडतात, क्ष उजवीकडं असला तरी < बघून ‘लहान’ म्हणतात. चिन्हाचं रुंद तोंड कुणाकडं आहे ते बघायचं, मोठा तो.

संख्यारेषा. −१७/५ म्हणजे १७ पंचमांश, उणे बाजूला. १५ पंचमांशांचे तीन पूर्ण, उरले दोन पंचमांश. म्हणजे शून्यापासून डावीकडं तीन घरं चाललात, आणि त्याच दिशेनं आणखी दोन पंचमांश. −३ च्या डावीकडं, −३ आणि −४ च्या मधे. मुलीनं तीन घरं डावीकडं जाऊन दोन पंचमांश उजवीकडं घेतलेत, कारण अपूर्णांक नेहमी उजवीकडं भरायची सवय असते. −३ ते −४ या घराचे पाच सारखे भाग करा आणि −३ पासून दुसरी खूण घ्या.

आता वर्तुळ. नियम पाठ करण्याआधी ती एक संख्याच मूळ गणितात घालून बघा. क्षच्या जागी −१७/५:

क्ष + १ = −१२/५, त्याला ४ नं भागलं, −३/५.
२क्ष − १ = −३९/५, त्याला ३ नं भागलं, −१३/५.
−३/५ − (−१३/५) = १०/५ = २.

बरोबर २ आले. आता विचारा, २ हा २ पेक्षा कमी आहे का? नाही. म्हणून ही संख्या उत्तरात नाही, पण तिच्या उजवीकडची प्रत्येक संख्या आहे, कितीही जवळची घ्या. पोकळ वर्तुळ हेच सांगतं. हद्द इथपर्यंत आहे, पण हद्दीचा दगड आपला नाही. गणितात ≤ असतं तर दगडही आपला, मग वर्तुळ भरायचं.

−५ ── −४ ──○━━ −३ ━━━ −२ ━━━ −१ ━━━ ० ━━━ १ ━━━▶

आणि ताई, उत्तर बरोबर की चूक हे पुस्तकाच्या मागं बघायच्या आधी तुम्हाला घरीच कळू शकतं. एक संख्या जाड रेघेतली घ्या, एक बाहेरची. ० घातला तर १/४ + १/३ = ७/१२, दोनपेक्षा कमी, म्हणजे ० उत्तरात हवाच. −४ घातला तर −३/४ + ३ = सव्वादोन. दोनपेक्षा कमी नाही, म्हणजे −४ उत्तरात नको. पण तुमच्या क्ष > −५ मधे −४ येतो, आणि मुलीच्या क्ष < १ मधेही येतो. एका −४ नं दोन्ही उत्तरं बाद झाली. पूर्णांकात आलं म्हणून उत्तर खरं, असं धरू नका.

हे एक दोघींनी करून बघा. दोन्हीकडून बांधलेलं आहे:

−१ ≤ (३ − २क्ष)/५ < ३

दुकानदार, चिकोडी

एवढं लांब कशाला? क्रॉस गुणाकार करायचा. डावीकडचा छेद उजवीकडं, उजवीकडचा डावीकडं. आम्ही असंच करत होतो.

निवृत्त गणित शिक्षक, निपाणी भाग

दोन्ही बाजूंना एकेकच अपूर्णांक असेल आणि दोन्ही छेद धन संख्या असतील, तर चालतं. वरच्या गणितात डावीकडं दोन अपूर्णांक वजाबाकीनं जोडलेले आहेत, तिथं तिरकं गुणायला गेलात की कुणाचा छेद कुणाला लागला ते कळेनासं होतं. नव्यानं शिकणाऱ्या मुलीला मी तो मार्ग दाखवणार नाही.

इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, येळ्ळूर

सर, छेदातच क्ष असला तर? ६/क्ष > २ असं. आमच्यातले बरेच जण सरळ क्षनं गुणून ६ > २क्ष, म्हणून क्ष < ३ लिहितात.

निवृत्त गणित शिक्षक, निपाणी भाग

मग −१ घालून बघा म्हणावं. −६ > २ होतं का? क्ष धन की ऋण हे ठाऊक नसताना त्यानं गुणायचं नाही, कारण प्रतिबिंब घेतलं की नाही तेच आपल्याला माहीत नसतं. क्ष धन धरला तर क्ष < ३, म्हणजे ० आणि ३ च्या मधला. क्ष ऋण धरला तर चिन्ह फिरून क्ष > ३ येतं. ऋणही आणि तीनपेक्षा मोठाही, अशी संख्या नाही. उत्तर ० < क्ष < ३, दोन्ही वर्तुळं पोकळ. पण ताईंच्या मुलीला हे आत्ता नको.

गिरणीवाली, खानापूर तालुका

गुरुजी, काल संध्याकाळी करंट गेला होता. गिरण बंद, डबे तसेच रांगेत. मी मोबाइलच्या उजेडात तुमचं उत्तर मुलीला वाचून दाखवलं. मापट्या-चिपट्याचं आलं तेव्हा ती म्हणाली, आई, थांब. सासूबाईंच्या वेळची मापं आमच्याकडं अजून आहेत, फळीवर ठेवलेली. ती खाली काढली, तांदूळ ओतून बघितले. शेराचं माप चार चिपट्यांनी भरलं. मग ती स्वतःच म्हणाली, म्हणजे मी दोन शेर दोन चिपट्यांत घातले की गं. त्यानंतर तिनं जुनी चार गणितं परत सोडवली, सगळीकडं पूर्ण आकड्याच्या खाली १ लिहून. चारही बरोबर आली.

पाण्यातल्या प्रतिबिंबाचं मला जास्त आवडलं. आमच्या परसात विहीर आहे, तिथं वाकून बघताना तोंड जेवढं वर तेवढं खोल दिसतं, हे लहानपणापासून बघत आले. त्याचा गणिताशी संबंध असेल असं कधी मनात आलं नव्हतं.

तुम्ही दिलेलं गणित:

−१ ≤ (३ − २क्ष)/५ < ३
तिन्ही भागांना ५ नं गुणलं: −५ ≤ ३ − २क्ष < १५
तिन्हींतून ३ वजा: −८ ≤ −२क्ष < १२
−२ नं भागलं, दोन्ही चिन्हं फिरवली: ४ ≥ क्ष > −६

मग आम्ही ते सरळ लिहिलं, −६ ≤ क्ष < ४. रेषेवर −६ ला भरीव, ४ ला पोकळ. बरोबर आहे काय?

आणि एक. तिच्या शाब्दिक गणितात ‘अ‍ॅट लीस्ट’ असं येतं. ती म्हणते लीस्ट म्हणजे सगळ्यात कमी, म्हणून ती < घालते. मग उत्तर उलटं येतं.

इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, येळ्ळूर

काकू, हे मला पण झालं होतं. अ‍ॅट लीस्ट म्हणजे आपलं ‘किमान’ किंवा ‘कमीत कमी’. ‘कमीत कमी पन्नास मार्क पाहिजेत’ म्हटल्यावर पन्नास चालतात, साठ चालतात, चाळीस चालत नाहीत. म्हणजे ≥ ५०. अ‍ॅट मोस्ट म्हणजे ‘जास्तीत जास्त’, तिथं ≤. मराठी शब्दातही ‘कमी’ आहेच, खरं मराठीत आपल्याला अर्थ आधी कळतो आणि शब्द नंतर दिसतो. इंग्रजीत शब्द आधी दिसतो. म्हणून वाक्य आधी मराठीत म्हणून बघायचं, मग एक चालणारी आणि एक न चालणारी संख्या बाजूला लिहायची, मग चिन्ह.

माझा रूममेट कन्नड माध्यमातला. त्यांच्यात किमानला ‘कनिष्ठ’ आणि कमालला ‘गरिष्ठ’ म्हणतात. तो पण अ‍ॅट लीस्टला असाच अडकायचा. आम्ही दोघं आपापल्या भाषेत वाक्य म्हणायचो आणि चिन्ह सारखं आलं की पुढं जायचो.

निवृत्त गणित शिक्षक, निपाणी भाग

चांगली सवय आहे ती, दोघांची.

ताई, चौथ्या ओळीपर्यंत सगळं बरोबर आहे. ४ ≥ क्ष > −६. पाचव्या ओळीत घोटाळा झाला. ओळ उलटी लिहिताना तुम्ही आकड्यांच्या जागा बदलल्यात, पण चिन्हाखालची आडवी रेघ जुन्याच जागी राहिली. ती रेघ ४ ची आहे. ४ जिकडं जाईल तिकडं ती जायला हवी. −६ < क्ष ≤ ४. मूळ गणितात ४ घाला: (३ − ८)/५ = −१, आणि −१ चालतो, कारण तिथं ≤ आहे. −६ घाला: १५/५ = ३, आणि ३ हा ३ पेक्षा कमी नाही. म्हणून ४ भरीव, −६ पोकळ.

−७ ── −६ ○━━━ −४ ━━━ −२ ━━━ ० ━━━ २ ━━━● ४ ── ५

आता तुम्ही एक गणित तयार करा. गिरणीतलं. दुसऱ्याचं गणित सोडवण्यापेक्षा स्वतः रचताना जास्त कळतं.

गिरणीवाली, खानापूर तालुका

रचलं गुरुजी. चतुर्थी जवळ आली की मोदकांसाठी तांदळाचं दळप फार येतं, त्यावरून.

डब्यात क्ष शेर तांदूळ आहेत. अर्धे मोदकांच्या पिठाला दळायचे. डब्याचा तिसरा हिस्सा जाऊबाईंकडं द्यायचा. तरी घरात किमान दोन शेर उरले पाहिजेत. तर डब्यात किती तांदूळ हवेत?

क्ष − क्ष/२ − क्ष/३ ≥ २
६ नं गुणलं, पहिल्या क्षलाही आणि २ लाही:
६क्ष − ३क्ष − २क्ष ≥ १२
क्ष ≥ १२

बारा शेर, म्हणजे तीन पायल्या, किंवा जास्त. १२ ला भरीव वर्तुळ, उजवीकडं जाड रेघ. तपासून पण बघितलं: बारातले सहा गेले, चार गेले, दोन उरले. नऊ शेर घेतले तर साडेचार आणि तीन जाऊन दीडच उरतो. खुशीनं मी हे गिरणीच्या भिंतीवर खडूनं लिहिलंय, −१० पासून १५ पर्यंत रेषाही काढलीय. दळपाला येणाऱ्या बायका विचारतात हे काय, तर मुलगी सांगते.

एकीनं विचारलं, तांदळाच्या जागी पोती असती तर? मला उत्तर देता आलं नाही.

निवृत्त गणित शिक्षक, निपाणी भाग

विचारणाऱ्या बाईंना माझा नमस्कार सांगा, फार नेमका प्रश्न आहे. तांदूळ बारा शेर असू शकतात, सव्वाबारा असू शकतात, बारा शेर आणि एक मूठ असू शकतात. म्हणून रेघ सलग जाड. बांधलेली पोती मोजायची असतील तर बारा किंवा तेरा, साडेबारा पोती मोजत नाहीत. तेव्हा रेघ काढायची नाही, १२, १३, १४ वर सुटे ठिपके द्यायचे आणि पुढं टिंबं. म्हणून पुस्तकात गणिताच्या शेवटी लिहिलेलं असतं, क्ष वास्तव संख्या आहे की पूर्णांक की नैसर्गिक. मुलं ते शब्द वाचतच नाहीत. तुमच्या पहिल्या गणितात क्ष पूर्णांक म्हटला असता तर उत्तर −३, −२, −१, ०, १ आणि पुढं, असे ठिपके आले असते.

मुलीसाठी शेवटचं एक. हे तिनं एकटीनं सोडवावं:

(क्ष − ३)/२ − (क्ष + १)/५ > −४

गिरणीवाली, खानापूर तालुका

हे मुलीनं स्वतः लिहिलंय, मी फक्त पाठवतेय.

गुरुजी, नमस्कार. −४ च्या खाली १ लिहिला. लसावि १०.
५(क्ष − ३) − २(क्ष + १) > −४०
५क्ष − १५ − २क्ष − २ > −४०
३क्ष − १७ > −४०
३क्ष > −२३
क्ष > −२३/३

उजवीकडं उणे बघून मी आधी चिन्ह फिरवलं होतं. मग खोडलं, कारण भागतेय ३ नं, आणि ३ धन आहे. −२३ ला प्रतिबिंब घ्यायचं नाही, ते आधीच पाण्याखाली आहे, फक्त वर सरकलं. −२३/३ म्हणजे −७ च्या डावीकडं दोन तृतीयांश. −७ घालून −३.८ आलं, ते −४ पेक्षा मोठं, म्हणून −७ उत्तरात. −८ घालून −४.१ आलं, म्हणून −८ नाही. वर्तुळ पोकळ. फोटो जोडलाय.

निवृत्त गणित शिक्षक, निपाणी भाग

सगळं बरोबर आहे, बाळ. खोडलेली ओळ वहीत तशीच ठेव. फोटोत बघितलं, पोकळ वर्तुळ जरा मोठं काढ. एवढ्या लहान वर्तुळात पेनाची शाई पसरली की ते भरीव दिसतं, आणि पेपर तपासणाऱ्याला तुझ्या मनातलं दिसत नाही.